एरिक्सन २०२१ ला संपला नव्हता

डेन्मार्कचा फुटबॉलपटू ख्रिस्तियन एरिक्सनची कारकीर्द २०२१ लाच संपली, नंतर त्याला सहानुभूतीपोटी खेळवलं, हे तुमचं म्हणणं मला अजिबात पटलं नाही.

१२ जून २०२१ ला कोपनहेगनच्या पार्केन स्टेडियममध्ये फिनलंडविरुद्ध तो कोसळला. हृदय बंद पडलं होतं. सहकारी त्याच्याकडे पाठ करून, कडं करून उभे राहिले, ते दृश्य मी अजून विसरलेलो नाही. पुढे छातीत डिफिब्रिलेटर, म्हणजे हृदयाचे ठोके बिघडले तर विजेचा झटका देणारं यंत्र, बसवला. इटलीत तशा खेळाडूला परवानगी नाही, म्हणून मिलानच्या ज्या इंटर क्लबबरोबर त्याच वर्षी लीग जिंकली होती, त्यांच्याशीच करार संपला.

आता त्यानंतरचं बघा. फेब्रुवारी २०२२ मध्ये तो ब्रेंटफर्ड या इंग्लिश क्लबकडून मैदानात उतरला. घसरणीला लागलेला तो संघ शेवटी तेराव्या क्रमांकावर राहिला, आणि त्यात त्याच्या पासेसचा मोठा वाटा होता. मार्चमध्ये अ‍ॅमस्टरडॅमला, आयाक्स या डच क्लबकडून तो जिथे घडला त्याच मैदानावर, डेन्मार्ककडून नेदरलँड्सविरुद्ध बदली खेळाडू म्हणून आला आणि दोन मिनिटांत गोल! चेंडू थांबवलाही नाही, थेट जाळीत वर. तीन दिवसांनी सर्बियाविरुद्ध पुन्हा गोल, तोही पार्केनवर.

पुढे मँचेस्टर युनायटेडमध्ये तीन हंगाम. वेग कमी झाला होता, हे मान्य. पण युरो २०२४ या युरोपीय देशांच्या स्पर्धेतला स्लोव्हेनियाविरुद्धचा गोल परत एकदा पाहा. सहकारी विंडने टाचेने दिलेला चेंडू त्याने आधी छातीवर घेतलाय, मग मारलाय.