'सांदोकान'वाला सर्जिओ सोलीमा: बाबांसोबत सुरुवात कुठून करू?

रानजाई:
परवा टीव्हीवर कबीर बेदींची मुलाखत लागली होती. इटलीत लोक त्यांना अजूनही 'सांदोकान' म्हणून ओळखतात हे ऐकून बाबा आरामखुर्चीतून उठूनच बसले. शोधलं तर कळलं की 'सांदोकान' ही त्यांची इटालियन टीव्ही मालिका, तिचा दिग्दर्शक सर्जिओ सोलीमा, आणि त्याने वेस्टर्न म्हणजे काउबॉयपटही केलेत. बाबा ७६ वर्षांचे, वेस्टर्नचे जुने वेडे. त्यातल्या ली व्हॅन क्लीफ या नटाचे नुसते डोळे दिसले तरी ओळखतात. मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालंय, भराभर सबटायटल्स वाचणं जमत नाही. दर रविवारी एक सिनेमा असा बेत आहे. पहिला कुठला लावू?

जुनीरिळं:
ताई, ली व्हॅन क्लीफ आवडतो म्हणताय, मग 'द बिग गनडाउन'च लावा, १९६६चा. इटालियन नावाचा अर्थ 'हिशोब चुकता करणं', आणि गोष्टही तशीच आहे. कॉर्बेटला, म्हणजे ली व्हॅन क्लीफला, सिनेटवर जायचंय. रेल्वे टाकणारा एक धनाढ्य त्याला कुचिलो नावाच्या मेक्सिकन गरिबामागे सोडतो. आरोप एका लहान मुलीच्या खुनाचा. कुचिलोकडे एक सुरी आणि अफाट चलाखी, बस्स. दर वेळी तो हातातून निसटतो, आणि दर वेळी कॉर्बेटच्या मनात थोडी जास्त शंका ठेवून जातो. कुचिलो झालेल्या तोमास मिलियनने काय जीव ओतलाय!

डबिंगचा कमीपणा वाटून घेऊ नका. त्या काळी इटलीत आवाज नंतरच भरायचे, आणि इंग्रजीत ली व्हॅन क्लीफचा स्वतःचाच आवाज आहे. फक्त अमेरिकेत सिनेमा बराच कापून दाखवला होता, तेव्हा लांबी तपासून घ्या. शेवटच्या द्वंद्वात संगीतकार मोरिकोनेने बेथोव्हेनचं 'फ्यूर एलीझ' गुंफलंय. तिथे आवाज मोठा करा.

रात्रपाळी:
दुसऱ्या रविवारी 'फेस टू फेस' (१९६७). माझ्या मते सोलीमाचा सगळ्यात खोल सिनेमा. बोस्टनचा इतिहासाचा आजारी प्राध्यापक हवापालटासाठी टेक्सासला येतो आणि एका डाकूच्या संगतीत सापडतो. डाकू हळूहळू माणसात येतो, प्राध्यापक क्रूर होत जातो. शिकलेल्या माणसाला हिंसेची गोडी लागली की तो तिला तत्त्वज्ञानही जोडतो, हे प्राध्यापक झालेल्या जियान मारिया वोलोन्तेच्या चेहऱ्यावर दिसत जातं. लिओने, कोर्बुच्ची आणि सोलीमा हे तिन्ही 'सर्जिओ' वेस्टर्नवाले, पण माणूस आतून बदलताना दाखवावा तर सोलीमानेच.

पुढे 'रिव्हॉल्वर' (१९७३) बघा. तुरुंगाच्या अधिकाऱ्याच्या बायकोला पळवतात आणि त्यालाच एका कैद्याला बाहेर काढावं लागतं. परत तीच दोन माणसांची जोडी, काळ तेवढा सत्तरच्या दशकातला. १९६५-६६चे हेरपट मात्र सोडून द्या. त्यातले काही त्याने सायमन स्टर्लिंग या नावाने केले, आणि त्यात हात बसवणं चाललंय.

गोदाकाठ:
'सांदोकान' शेवटी ठेवा, पण चुकवू नका. इटलीच्या राय वाहिनीवर १९७६ साली आली, सहा भाग. मूळ कादंबऱ्या एमिलिओ साल्गारीच्या, आणि गंमत म्हणजे तो कधी पूर्वेकडे आलाच नव्हता! इंग्रजांशी लढणारा आशियाई राजपुत्र हा नायक, आणि गोरा राजा जेम्स ब्रुक खलनायक. हे इटलीतल्या पोरांनी डोक्यावर घेतलं. वाघ झेप घेतो आणि सांदोकान खंजीर उपसून त्याच्या पोटाखालून उडी घेतो, तो क्षण बाबांना नक्की दाखवा. फक्त आधी सांगून ठेवा, इटालियन प्रतीत आवाज कबीर बेदींचा नाही, पीनो लोक्कीचा आहे.

आणि पुढे 'गोमोर्रा' ही इटालियन मालिका बघाल तर तिथे स्तेफानो सोलीमा हे नाव दिसेल. तो सर्जिओचाच मुलगा.

रानजाई:
सगळ्यांचे मनापासून आभार! काल 'बिग गनडाउन' झाला, पूर्ण लांबीचा. अर्ध्यावर बाबा म्हणाले, "हा कॉर्बेट आता त्याला पकडायला नाही, खरं काय ते बघायला चाललाय." द्वंद्वाला आवाज मोठा केला, तर बाबांनी हाताने खूण करून आणखी वाढवायला लावला. संपल्यावर ती पाच मिनिटं परत लावली. पुढच्या रविवारी 'फेस टू फेस'. त्याची इंग्रजी डबिंगची चांगली प्रत कुणाच्या पाहण्यात असेल तर सांगा. त्यात बोलणं जास्त आहे म्हणे, बाबांचा एकही संवाद सुटायला नको.