पॅसिव्ह-अ‍ॅग्रेसिव्हली – मराठीत नेमकं काय म्हणाल?

मंडळी, जरा मदत हवीये. एका ट्रेनिंगचं मटेरियल मराठीत करतेय, ऑफिसात एकमेकांशी कसं वागावं बोलावं अशा टाइपचं, आणि त्यात पॅसिव्ह-अ‍ॅग्रेसिव्हली हा शब्द (म्हणजे उघड न भांडता आडून राग काढत वागणं-बोलणं) इतक्या वेळा आलाय की मी वैतागलेय. ऑनलाइन भाषांतराने 'निष्क्रिय-आक्रमकपणे' असं दिलं. हे वाचून कुणाला काय कळणार, मला तर झोपून भांडणारा माणूस डोळ्यासमोर आला. तीन वाक्यं नमुन्याला देते.

एक, ती पॅसिव्ह-अ‍ॅग्रेसिव्हली म्हणाली, "तुम्हाला वेळ मिळेल तेव्हा करा, माझं काय, मी थांबेन."
दोन, मीटिंगमध्ये हो म्हणाला आणि नंतर पॅसिव्ह-अ‍ॅग्रेसिव्हली काम लांबवत राहिला.
तीन, टीममधले काहीजण नव्या मॅनेजरशी पॅसिव्ह-अ‍ॅग्रेसिव्हली वागत होते.

तिन्हीकडे एकच शब्द चालला तर उत्तम, शेवटी शब्दसूची पण द्यायचीय.

—

खवचटपणे. झालं काम.

—

खवचटपणे पहिल्या वाक्याला ठीक आहे हो, पण दुसऱ्याला कसं लावणार? खवचटपणे काम लांबवलं? खवचट माणूस बोलतो, त्याला बोलल्याशिवाय करमत नाही, आणि मुख्य म्हणजे आपण खवचट बोललो हे समोरच्याला कळावं अशीच त्याची इच्छा असते, कळलं नाही तर त्याची मजाच गेली. कुजकट, खोचक, तिरकस हे सगळे त्याच घरातले. टोमणा, चिमटा, टोचून बोलणं, शालजोडीतले देणं, लेकी बोले सुने लागे... बोलण्यातून बोचकारायला आपल्याकडे शब्दांची काय कमी आहे! गप्प राहून छळायला मात्र चटकन शब्द सुचत नाही बघा.

—

सुचतो की. अबोला. घुमेपणा. तोंड फुगवून बसणं. भांडी आदळणं, दार आपटणं. धुसफूस. आणि अळमटळम, चालढकल, वेळकाढूपणा, अंगचोरपणा हे सगळं दुसऱ्या वाक्याच्या बाजूचं.

—

ताई, तुमची अडचण निष्क्रिय या शब्दापासूनच सुरू होतेय असं मला वाटतं. जरा लांबण लावतो, चालवून घ्या.

अ‍ॅग्रेसिव्ह हा लॅटिनमधून आलेला, मुळात 'च्या दिशेने पाऊल टाकणं', म्हणजे आपलं चालून जाणं. गंमत म्हणजे आपल्या आक्रमणातला क्रम् हा धातू पण पाऊल टाकण्याचाच आहे, त्यामुळे आक्रमक हा प्रतिशब्द अगदी मुळापासून जुळलेला आहे, तिथे तक्रार नाही. पॅसिव्हचं मूळ मात्र 'सोसणं' असं आहे, काहीच न करणं असं नाही. आपण ग्रामरमधल्या पॅसिव्ह व्हॉइसला कर्मणी म्हणतो, तिथे कुणी निष्क्रिय प्रयोग म्हणत नाही. तर निष्क्रिय म्हटलं की वाचकाला वाटतं माणूस ढिम्म बसलाय, प्रत्यक्षात हा ढिम्म बसलेला नसतो, भरपूर उद्योगी असतो. फाइल खालून वर आणि वरून खाली करायला, मेलमध्ये साहेबांना सीसी ठेवून 'माझ्या आधीच्या मेलमध्ये लिहिल्याप्रमाणे' असं टाइप करायला, वाढदिवसाच्या ग्रुप मेसेजवर सगळ्यांना थँक्यू म्हणून नेमकं एकाला वगळायला मेहनत लागते राव.

मग या वागण्याचं मर्म कशात आहे? माझ्या मते ते शांत असण्यात नाही आणि टोचण्यातही नाही, ते आहे नंतर हात वर करता येण्यात. विचारलंत तर उत्तर तयार असतं, 'मी कुठे काय म्हणालो? मी तर म्हटलं वेळ मिळेल तेव्हा करा.' पुरावा नाही. उलट तुम्हीच उगाच मनाला लावून घेता असं ठरतं. याला मराठीत फार चांगला वाक्प्रचार आहे, नामानिराळं राहणं. आणि बोलण्याच्या बाबतीत त्याहून नेमका शब्द आहे साळसूदपणे. आव भोळेपणाचा, आत सगळं नियोजन. तुमचं पहिलं वाक्य 'ती साळसूदपणे म्हणाली' असं करून बघा, पुढचं अवतरण वाचताना आवाजच ऐकू येतो.

आता एकच शब्द हवा या हट्टाबद्दल. इंग्रजी कुठल्याही विशेषणाला ली लावून मोकळं होतं, म्हणून आपण प्रत्येक ठिकाणी पणे लावायला जातो आणि मग 'तो असहकारात्मकपणे वागला' असली वाक्यं तयार होतात जी जन्मात कुणी बोललेलं नाही. मराठीत माणूस कसा वागला हे सांगायला ऊन आणि त ही दोन हत्यारं आहेत. तोंड फुगवून, मनात अढी ठेवून, गोड बोलून, आडून, नामानिराळं राहून. किंवा धुमसत, कुढत, पाय ओढत, भांडी आपटत. यातलं प्रत्येक वागणं डोळ्याला दिसतं. इंग्रजी शब्द या सगळ्या वागण्यांवर एकच झाकण ठेवतो, मराठीत ते झाकण काढून आत काय शिजतंय ते सांगावं लागतं. म्हणून तीन वाक्यांना तीन वेगळी भाषांतरं होणार, आणि क्लायंटला तसं सांगायला काही हरकत नाही.

—

वरच्या प्रतिसादाला मोदक, म्हणजे अनुमोदन. फक्त 'मनात अढी ठेवून' बद्दल शंका, अढी म्हणजे नुसता ग्रह ना, अढी असलेला माणूस कदाचित काहीच करणार नाही. डूख धरून म्हटलं तर ते फारच सापासारखं होतं. आकस?

—

आकसाने, द्वेषबुद्धीने, सूडबुद्धीने हे वेगळं खातं आहे. इंग्रजीत मॅलिशसली किंवा व्हिंडिक्टिव्हली जिथे येतं तिथे हे शब्द चालतात, पेपरात रोज असतं ना, सूडबुद्धीने कारवाई केल्याचा आरोप. तिथे हेतूवर बोट ठेवलेलं असतं. आपल्या शब्दात पद्धतीवर बोट आहे. बरं, पॅसिव्ह-अ‍ॅग्रेसिव्ह माणसाचा हेतू मोठा वाईटच असतो असंही नाही, बऱ्याचदा बिचाऱ्याला सरळ 'नाही' म्हणायची सोय नसते. साहेबासमोर नाही म्हणता येत नाही, सासूसमोर नाही म्हणता येत नाही, मग हो म्हणायचं आणि विसरायचं.

—

हे सोय नसण्याचं तुम्ही सहज लिहिलंत पण शब्दाचा जन्मच तिथला आहे. मी या विषयाचा विद्यार्थी होतो म्हणून थोडी भर घालतो. हा शब्द आला अमेरिकी लष्करातून, दुसऱ्या महायुद्धाच्या वेळी. विल्यम मेनिंजर म्हणून लष्कराचे मानसोपचारतज्ज्ञ होते, १९४५ सालच्या लष्कराच्या एका वैद्यकीय पत्रकातून हे वर्णन पुढे आलं. सैनिक हुकूम उघडपणे मोडत नाही, कारण मोडला तर कोर्ट मार्शल, मग तो काय करतो तर तोंड पाडून बसतो, हट्टीपणा करतो, काम पुढे ढकलतो, मुद्दाम गचाळ करतो, आडकाठी घालतो. म्हणजे ताईंचं दुसरं वाक्य हे या शब्दाचं मूळ रूप आहे, आणि टोमण्यांचा अर्थ त्याला नंतर लोकांच्या बोलण्यात चिकटला. आपण इथे सगळे पहिल्या वाक्यावरच तुटून पडलोय.

पुढे १९५२ साली अमेरिकेतल्या मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने मनोविकारांची पहिली सूची काढली, त्यात हा व्यक्तिमत्त्वाचा एक प्रकार म्हणून आला. नंतर बरीच वर्षं यावर वाद झाले, एक म्हणजे बंधनात सापडलेला कुठलाही माणूस असं वागू शकतो मग त्याला विकार कसं म्हणायचं. १९९४ च्या आवृत्तीत तो मुख्य यादीतून परिशिष्टात गेला आणि २०१३ च्या आवृत्तीत विकार म्हणून राहिलाच नाही. डॉक्टरांनी सोडला आणि इन्स्टावाल्यांनी उचलला. तर ताई, तुमच्या मटेरियलमध्ये कुठे 'विकार' किंवा 'प्रवृत्तीचा रुग्ण' असं काही लिहिलं असेल तर काढून टाका, वागण्याचं वर्णन म्हणूनच ठेवा.

—

मग एसटीवाले किंवा सरकारी कर्मचारी 'नियमानुसार काम' आंदोलन करतात ते यातच धरायचं का? संप नाही, गैरहजेरी नाही, फक्त नियमावर बोट ठेवून काम. सगळं बोंबलतं आणि कुणाला नोटीस पण देता येत नाही.

आणि असहकार, उपोषण, धरणं? आपला देश तर मग या विषयातला चॅम्पियन म्हणायला हवा 😀

—

नाही नाही, इथे गल्लत होतेय. आंदोलन जाहीर करून केलं की त्यात लपवाछपवी संपली. नोटीस देऊन, मागण्या छापून, बॅनर लावून तुम्ही सांगताय की आम्ही नाराज आहोत. नामानिराळं कोण राहिलं? तेच काम एखाद्या क्लार्कने कुणालाही न सांगता, एका विशिष्ट माणसाच्या अर्जापुरतं केलं आणि वर 'नियम आहे हो, माझ्या हातात काय' असं म्हटलं की ते मात्र शंभर टक्के आपल्या शब्दातलं.

धरणं तर अगदी उलट टोकाला. पूर्वी सावकार किंवा ज्याची बाकी आहे असा कुणीही ऋणकोच्या दारात जाऊन उपाशी बसायचा, तो मेला तर पाप याच्या माथी. हे इतकं सर्रास होतं की १८६० च्या भारतीय दंड संहितेत (२०२४ पर्यंत ती लागू होती) कलम ५०८ खाली दैवी कोपाची भीती घालण्याचा गुन्हा होता आणि तिथे दिलेलं पहिलं उदाहरणच दारात धरणं धरून बसलेल्या माणसाचं होतं. स्वतःला त्रास करून दुसऱ्यावर दबाव आणणं, हो. पण दारात बसून, सगळ्या आळीसमोर.

गांधीजींचा किस्सा इथे लागू पडतो. दक्षिण आफ्रिकेत त्यांच्या लढ्याला आधी पॅसिव्ह रेझिस्टन्स म्हणत. त्यांना ते नाव पटेना, कारण ते दुबळ्यांचं हत्यार समजलं जायचं आणि त्यात मनात द्वेष ठेवायला जागा होती. मग इंडियन ओपिनियन या त्यांच्या पत्रातून नाव सुचवायला बक्षीस जाहीर केलं, मगनलाल गांधींनी 'सदाग्रह' सुचवलं, त्याचं गांधीजींनी 'सत्याग्रह' केलं. म्हणजे बाहेरून शांत आणि आतून धुमसत असा प्रकार वेगळा काढायची गरज त्यांनाही भासली होती, आणि मेनिंजरच्या बऱ्याच आधी.

—

अबोल्याचं काय मग? अबोला तर कळतोच समोरच्याला.

—

अबोल्यात दोन प्रकार. 'मी तुझ्याशी बोलणार नाही' असं सांगून धरलेला अबोला हे सरळ भांडण आहे, त्यात रुसवा पण असू शकतो, रुसणाऱ्याला समजूत काढून हवी असते. पण 'काय झालं?' विचारल्यावर 'कुठे काय, काही नाही' असं म्हणून पुन्हा मोबाइलमध्ये डोकं घालणं, हा दुसरा. हा आपला.

तसंच कुणी वड्याचं तेल वांग्यावर सुचवायच्या आत सांगून ठेवतो, तो राग साहेबाचा बायकोवर काढायचा प्रकार, तिथे वांगं बिचारं निर्दोष असतं. इथे राग ज्याच्यावर आहे त्याच्यावरच निघतो, फक्त झिरपत झिरपत.

—

पुणेरी पाट्या राहिल्या!

—

पाटी पॅसिव्ह-अ‍ॅग्रेसिव्ह नसते हो, पाटी नुसतीच अ‍ॅग्रेसिव्ह असते. 'गेटसमोर गाडी लावल्यास हवा सोडली जाईल' यात पॅसिव्ह काय आहे? कर्मणी प्रयोग सोडला तर 😀 लिफ्टमध्ये विनासहीचा कागद चिकटवलेला असतो ना, 'काही सुशिक्षित सभासदांना कचरा कुठे टाकावा हे माहीत नसावे', तो धरा फार तर. त्या 'सुशिक्षित'मध्ये सगळं आलं, आणि खाली सही नाही.

—

विषयांतर होतंय पण नुसत्या अ‍ॅग्रेसिव्हलीबद्दल पण एक लिहून ठेवतो, कारण ट्रेनिंगवाल्या मजकुरात तोही येणार. तिथे सरसकट 'आक्रमकपणे' करू नका. कंपनी अ‍ॅग्रेसिव्हली विस्तार करतेय म्हणजे झपाट्याने, जोमाने. पैसे अ‍ॅग्रेसिव्हली गुंतवले म्हणजे जास्त जोखीम घेऊन. डॉक्टरांनी अ‍ॅग्रेसिव्हली ट्रीटमेंट केली याचं 'आक्रमक उपचार' केलेलं वाचलंय मी, पेशंट पळूनच जाईल, तिथे 'तातडीने आणि जोरदार' म्हणा. क्रिकेटमध्ये मात्र आक्रमक फलंदाजी इतकी रुळलीय की ती तशीच राहू द्या.

—

सगळ्यांचे मनापासून आभार, इतकं मिळेल असं वाटलं नव्हतं. एका शब्दाचा हट्ट सोडला. सध्या असं केलंय, बघा कसं वाटतंय.

एक, ती साळसूदपणे म्हणाली, "तुम्हाला वेळ मिळेल तेव्हा करा, माझं काय, मी थांबेन."
दोन, मीटिंगमध्ये हो म्हणाला आणि नंतर काही ना काही कारण काढून काम लांबवत राहिला.
तीन, टीममधले काहीजण वरवर गोड बोलून नव्या मॅनेजरला आडून त्रास देत होते.

शब्दसूचीत 'छुपा विरोध' असं नाम ठेवतेय आणि क्रियाविशेषणासमोर 'संदर्भानुसार: साळसूदपणे, आडून, नामानिराळं राहून, धुमसत' अशी रांग. दोनमध्ये रागाचा अंश जरा कमी पडतोय का?

—

पडतोय. 'काही ना काही कारण काढून' म्हणजे नुसता आळशी पण असेल. 'हो म्हणाला, आणि मग मुद्दाम रोज नवं कारण काढून काम लांबवत राहिला' असं करा, त्या 'मुद्दाम' आणि 'रोज'ने तो राग आत येतो.

छुपा विरोध चांगला आहे. तिसरं तसंच ठेवा.

—

मी अजूनही खवचटपणेवर ठाम आहे. पण तुमचं चालू द्या, तुम्हाला जसं योग्य वाटेल तसं, मी काय बोलणार 🙏