मानपत्रात ‘फुलसम’ नको, हा सत्कार आहे, खुशामत नव्हे

शाहूपुरीकर

आमच्या शाळेचे मुख्याध्यापक निवृत्त होत आहेत. माजी विद्यार्थ्यांनी शाहू स्मारक भवनात त्यांचा सत्कार ठेवलाय. मानपत्रं दोन, एक मराठी आणि एक इंग्रजी, कारण बरीच मुलं परदेशात आहेत. इंग्रजी मसुदा त्यांच्यातल्याच एकानं पाठवला आणि मी ज्युनिअर कॉलेजला इंग्रजी शिकवते म्हणून तो तपासायला माझ्याकडे आला. मसुदा मनापासून लिहिलेला आहे. पण दुसऱ्याच परिच्छेदात ‘सरांच्या कार्याला आम्ही फुलसम प्रेज (fulsome praise) अर्पण करतो’ अशा अर्थाचं वाक्य आहे.

तो शब्द काढा, असं मी सांगितलं. समितीतल्या तरुण मंडळींनी लगेच मोबाइलवर शब्दकोश उघडला आणि पहिलाच अर्थ दाखवला : विपुल, भरघोस. त्यांचं म्हणणं, शब्द बरोबर आहे, तो राहू द्या. छपाईला अजून वेळ आहे म्हणून हा विषय इथं मांडते.

इंग्रजी मुरलेल्या वाचकाच्या कानाला ‘फुलसम प्रेज’ म्हणजे तोंडभरून कौतुक नव्हे. ती गुळचट, नको तितकी, मतलबाचा वास येणारी स्तुती. आपण ज्याला हरभऱ्याच्या झाडावर चढवणं म्हणतो ते. हा अर्थ आजकालचा नाही. शेक्सपिअरच्या ‘ट्वेल्फ्थ नाइट’मध्ये शेवटच्या अंकात ड्यूक ऑर्सिनो पुन्हा प्रेमाचं तेच पालुपद लावणार असं दिसताच ऑलिव्हिया त्याला तोडून टाकते : तेच जुनं असेल तर ते माझ्या कानाला ‘फॅट अँड फुलसम’ आहे, संगीतानंतरच्या केकाटण्यासारखं. सॅम्युअल जॉन्सनच्या १७५५ च्या इंग्रजी कोशात तर या शब्दाचा अर्थ किळसवाणा असाच दिलाय. सरांच्या नावापुढं हा शब्द लावायचा?

आपल्या मुलांची यात एक खास अडचण आहे, ती मी वर्गात दरवर्षी बघते. फळ्यावर ‘फुलसम’ लिहिलं की निम्म्या वर्गाला ते ‘फुलासम’ ऐकू येतं. म्हणजे फुलासारखं, नाजूक, सुंदर. उरलेल्यांना ‘हँडसम’, ‘होलसम’ आठवतं, म्हणजे हाही चांगलाच असणार. ‘ट्रबलसम’ (त्रासदायक) आणि ‘टायरसम’ (कंटाळवाणा) त्याच शेपटीचे आहेत हे कुणाच्या लक्षात येत नाही. म्हणून मी मुलांना आधी वाईट अर्थच शिकवते आणि मानपत्रात तर हा शब्द नकोच म्हणते. सत्कारमूर्ती व्यासपीठावर बसलेली असताना शे-दोनशे लोकांसमोर जे वाचलं जाणार, त्यातल्या एकाही शब्दाचा उलटा अर्थ निघता कामा नये.

करवीर_कट्टा

मॅडम, तुमच्याबद्दल पूर्ण आदर ठेवून विरोध करतो. मी त्या समितीत नाही, पण मोबाइल उघडणाऱ्या मुलांच्या बाजूनं आहे.

शब्दाची मूळ फोड ‘फुल’ अधिक ‘सम’. तेराव्या शतकात तो इंग्रजीत आला तेव्हा त्याचा अर्थ ‘भरपूर’ असाच होता. किळस, दुर्गंध, खुशामत हे सगळं नंतर चिकटलं, आणि त्यात ‘फाउल’ या शब्दाच्या उच्चाराचाही हात असावा असं मानतात. विसाव्या शतकात चांगला अर्थ पुन्हा वापरात आला. म्हणजे ज्याला तुम्ही चूक म्हणता तो या शब्दाचा सगळ्यात जुना अर्थ. घरचा माणूस परत आलाय, त्याला परका कसं म्हणायचं?

आणि अर्थ बदलतात म्हणून आपण मराठीत कुठं अडून बसतो? संस्कृतात ‘राग’ म्हणजे रंग, आसक्ती. ‘अनुराग’ मध्ये तो अजून शिल्लक आहे. मराठीत राग म्हणजे संताप. ‘साहस’ हा शब्द धर्मशास्त्रात बळजबरीच्या गुन्ह्यांसाठी यायचा, आज आपण मुलांना साहसी म्हणून बक्षीस देतो. धर्मशास्त्र पुढं करून कुणी ते बक्षीस अडवत नाही.

शाहूपुरीकर

राग आणि साहस यांची उदाहरणं छान आहेत, पण ती माझ्याच बाजूची आहेत. त्या शब्दांचा प्रवास पुरा झालाय. आज मराठीत ‘मला तुझा राग येतो’ म्हटल्यावर कुणाला प्रेम वाटणार नाही. फुलसमचं तसं नाही. दोन्ही अर्थ आज, एकाच वेळी, एकाच वाचकाच्या डोक्यात जिवंत आहेत.

दुसरं, त्या मुलांनी दाखवला तो मेरियम-वेबस्टर. तो कोश अर्थ कालक्रमानं छापतो. सगळ्यात जुना अर्थ वर, नंतरचे खाली. पहिला क्रमांक म्हणजे सर्वांत रूढ अर्थ, असं तिथं नसतं. त्याच नोंदीखाली वापराविषयी एक टिपणही आहे. चांगला अर्थ परत आलाय आणि पसरतोय हे त्यात मान्य केलंय. पण ‘फुलसम प्रेज’ असं नुसतं लिहिलं तर वाचणाऱ्याला नेमका कुठला अर्थ घ्यायचा ते कळणार नाही, असा इशाराही तिथंच दिलाय. नेमका आपल्या मसुद्यातलाच शब्दप्रयोग. मुलांनी पहिली ओळ वाचली आणि मोबाइल खिशात ठेवला.

गंगावेस_तालीम

मॅडम, इंग्रजीतलं मला फार कळत न्हाई, पण ह्यो प्रकार आमच्यात रोजचा हाय. ‘नाद खुळा’ घ्या. खुळा म्हंजे वेडा. कुणाला नुसतं ‘खुळा हायस काय’ म्हटलं तर भांडण लागंल. पण गड्यानं चितपट कुस्ती मारली आणि आपण ‘नाद खुळा!’ म्हटलं, की त्याची छाती फुगती. शब्द त्योच. म्हणणाऱ्याचं तोंड आणि ऐकणाऱ्याचं गाव, ह्या दोन्हीवर अर्थ ठरतोय.

आता ह्यावरनं तुमी म्हणशीला मी कट्टेवाल्या भावाच्या बाजूचा. न्हाई. नाद खुळा म्हणताना माझा आवाज असतोय, खांद्यावर हात असतोय. मानपत्र फ्रेम करून भितीवर लागणार. तिथं आवाज कुठला? उद्या कोण पाव्हणा येऊन वाचंल आणि काय समजंल, ते सांगायला आपण तिथं नसणार. तवा कागदावर साधा शब्द बरा.

रात्रपाळी

मी कोल्हापुरातच एका दैनिकाच्या डेस्कवर बरीच वर्षं परदेशी बातम्यांचा अनुवाद करतेय. हा शब्द माझ्या टेबलावर येतो तो बहुतेक ब्रिटनमधून, आणि स्तुतीबरोबर नव्हे, माफीबरोबर. अमक्या नेत्यानं ‘फुलसम अपॉलॉजी’ द्यावी, अशी विरोधकांची मागणी. इथं शाहूपुरीकरांचा अर्थ लावला तर वाक्याचा चुथडा होतो. विरोधक गुळचट माफी कशाला मागतील? तिथं मी ‘कोणतीही पळवाट न ठेवता माफी’ असं लिहिते. अशा वेळी मी आधी क्रियापद बघते. ‘मागितली’, ‘हवी’, ‘मिळाली नाही’ असं असेल तर अर्थ चांगला, कारण खुशामत कुणी हक्कानं मागत नाही.

नाम बघितलं तरी बरंच उलगडतं. माफी, खुलासा, वृत्तान्त यांच्याबरोबर आला तर बहुधा ‘संपूर्ण, सविस्तर’. स्तुती, प्रशंसा, अभिनंदन यांच्याबरोबर आला की घोळ, कारण स्तुतीच फक्त जास्त होऊन बिघडू शकते. माफी जास्त झाली म्हणून सहसा कुणी तक्रार करत नाही. एकदा एका मंत्र्यानं दुसऱ्या देशाच्या प्रमुखाची ‘फुलसम’ स्तुती केली अशी ओळ आली होती. बातमीदार टोमणा मारतोय की नुसतं कळवतोय, हे ठरवायला मला अख्खी बातमी तीनदा वाचावी लागली. शेवटच्या परिच्छेदात व्यापार कराराचा उल्लेख सापडला, तेव्हा ‘स्तुतिसुमनं उधळली’ असं लिहिलं. मराठीत त्याला दोन्ही छटा आहेत, वाचक काय ते समजतो.

म्हणून करवीर_कट्टा यांना एक सांगते. व्युत्पत्ती हा परवाना नसतो. ‘इग्रीजस’ बघा. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ कळपातून उठून दिसणारा. सोळाव्या शतकात इंग्रजीत तो कौतुकासाठीही चालायचा. आज तो फक्त ढळढळीत चुकांना आणि घोर अन्यायाला लावतात. लॅटिनचा दाखला देऊन तुम्ही सरांना ‘इग्रीजस शिक्षक’ म्हणाल का?

शाहूपुरीकर, तुमच्याशीही मतभेद आहे. आधी फक्त वाईट अर्थ शिकलेली मुलं उद्या माझ्या डेस्कवर येतात आणि ‘लाचार माफीची मागणी’ असं भाषांतर करतात. हे मी दुरुस्त केलेलं आहे.

अभ्यासिका_राजारामपुरी

आम्ही स्पर्धा परीक्षावाले. एका गाइडमध्ये या शब्दाला समानार्थी ‘खुशामतीचा’, दुसऱ्या सराव संचाच्या उत्तरसूचीत ‘अबंडंट’, म्हणजे भरपूर. खूण कशावर करायची? आम्हाला वाद परवडत नाही, गुण जातात.

शाहूपुरीकर

@अभ्यासिका, वाक्य दिलं असेल तर रात्रपाळीताईंनी सांगितल्याप्रमाणे नाम आणि क्रियापद बघ. नुसता शब्द असेल तर पर्याय बघ. ‘एक्सेसिव्ह’ (अति), ‘इन्सिन्सिअर’ (खोटा), ‘क्लॉइंग’ (गुळचट) यांपैकी काही दिसलं तर तेच घे. यांपैकी काहीच नसेल आणि ‘अबंडंट’ असेल तर ते घे. दोन्ही पर्याय शेजारी ठेवणारा प्रश्न सदोष आहे, त्यावर हरकत नोंदव.

करवीर_कट्टा

रात्रपाळीताईंचं ‘इग्रीजस’ मान्य, व्युत्पत्तीचा मुद्दा मी सोडतो. पण मुळातली एक गोष्ट सोडत नाही. आपण कुणाचे कान जपतोय? इंग्रजी आता आपलीही भाषा आहे. कोल्हापूरच्या शाळेत, कोल्हापूरच्या माणसासाठी, कोल्हापूरच्या पोरानं लिहिलेलं मानपत्र आहे हे. ‘प्रीपोन’ (ठरल्या वेळेच्या आधी घेणं) हा शब्द भारतीय इंग्रजीनं रुळवला, आधी त्याची चूक म्हणून टिंगल झाली, आज तो कोशांत आहे. कुणीतरी धीर करून वापरला म्हणूनच ना? भरभरून कौतुक करावंसं वाटणाऱ्या पोराला आपण आधी शेक्सपिअरची परवानगी मागायला लावतो, याचं मला वाईट वाटतं. त्यानं मनानं लिहिलंय, आणि तो अर्थ कोशात आहे.

वाचनमंदिर_सभासद

माझं वय झालंय, त्यामुळं थोडं जुनं सांगतो. याच शहरात राजाराम कॉलेजात कवी माधव जूलियन फारसी शिकवत. १९२५ साली त्यांनी फारसी-मराठी कोश केला, आणि पुढं तेच भाषाशुद्धीचे मोठे पुरस्कर्ते झाले. त्यांची शुद्धीची मतं मला सगळी पटत नाहीत. पण कुठला शब्द ठेवायचा आणि कुठला काढायचा हे सांगण्याआधी त्यांनी तो शब्द आला कुठून, याचा अभ्यास पुरा केला होता. करवीर_कट्टा, ‘प्रीपोन’ वापरणाऱ्याला आपण काय म्हणतोय ते ठाऊक होतं, आणि ऐकणाऱ्यालाही दुसरा अर्थ सुचायचा प्रश्न नव्हता. फुलसम लिहिणाऱ्या मुलाला दुसरा अर्थ माहीत होता का? माहीत असून लिहिला असेल तर त्याला लढू द्या, मी त्याच्या बाजूनं उभा राहीन. माहीत नसेल तर त्याला सांगायलाच हवं, त्यात परवानगीचा प्रश्न येत नाही.

दहावी_ब

मी सरांचाच विद्यार्थी, सध्या बंगळूरला. निबंधात विशेषण दिसलं की सर लाल पेनानं गोल करायचे आणि बाजूला लिहायचे, ‘म्हणजे काय केलं?’ मानपत्रात पुराचं लिहा ना. २०१९ च्या ऑगस्टमध्ये पंचगंगेचं पाणी चढलं तेव्हा सरांनी वरच्या मजल्यावरचे वर्ग पूरग्रस्तांना उघडून दिले. पाणी ओसरल्यावर भिजलेले दाखले आणि रजिस्टरं वर्गात सुतळी बांधून त्यावर वाळत घातली, एकेक पान सुटं करून. मी होतो तिथं, चिमटे मी लावले. फुलसम काय आणि दुसरं काय, यापुढं कुठलं विशेषण टिकणार?

शाहूपुरीकर

दहावी_ब, तुमचा मजकूर मसुदा लिहिणाऱ्या मुलाला पाठवला. त्याच्याशी फोनवर बोलले. खुशामतीचा अर्थ त्याला माहीत नव्हता, ‘जेनरस’ हा शब्द त्यानं स्वतःच सुचवला. आता दुसऱ्या परिच्छेदात ‘जेनरस प्रेज’ आणि त्याखाली पुराच्या चार ओळी आहेत.

वर्गाबद्दल माझं मत तेच आहे, वाईट अर्थ आधी. रात्रपाळीताईंचं माफीचं वाक्य मात्र त्याच तासाला, त्याच फळ्यावर लिहीन.

करवीर_कट्टा

मानपत्रापुरतं मान्य, कारण लिहिणाऱ्यानं स्वतः बदललं. क्रमाबद्दल मान्य नाही. आधी ‘भरपूर’, मग ‘नको तितकं’, असं इतिहासाच्या क्रमानं शिकवलं तर मुलांना एक अर्थ दुसऱ्यात कसा गेला ते कळतं. उलट्या क्रमानं शिकवलं तर नुसतं पाठ करावं लागतं. एका तुकडीला माझ्या क्रमानं शिकवून बघा, मॅडम, आणि काय झालं ते इथंच कळवा.