मदत हवी आहे: दोन चंद्रांच्या जगाचं पंचांग जमवतोय, अधिक महिना दरवेळी तोच येतोय

नमस्कार मंडळी. बेळगावजवळच्या खेड्यातनं लिहितोय. एक फँटसी कादंबरी तीन वर्षं लिहितोय, नकाशा झाला, राजघराणी झाली, आणि आता कॅलेंडरपाशी गाडी रुतलीय.

वर्ष धरलंय ४०० दिवसांचं. थोरला चंद्र ३२ दिवसांनी पुनवेला येतो, धाकटा १३ दिवसांनी. दोघांची पुनव एकाच रात्री आली की नदीकाठी जत्रा, ती येते ४१६ दिवसांनी. आता थोरल्या चंद्राचे बारा महिने म्हणजे ३८४ दिवस, १६ कमी पडतात, दोन वर्षांत ३२ साठतात म्हणजे बरोब्बर एक महिना, तो अधिक म्हणून घातला, म्हटलं सुटलो. पण कागदावर मांडल्यावर कळलं की दर दोन वर्षांनी तोच महिना अधिक येतोय, असं लई कृत्रिम वाटतंय. आपल्याकडं २०२३ ला श्रावण अधिक होता, २०२६ ला ज्येष्ठ, तसं फिरतं हवंय.

दुसरी अडचण शेतकऱ्याची. आमच्या स्वयंपाकघरात एकाच खिळ्याला मराठी आणि कन्नड अशी दोन कॅलेंडरं आहेत, आईचा दुधाचा हिशोब मराठीवर आणि सिलेंडरची तारीख कन्नडवर, का ते विचारू नका. दोन्हींत महिना अमावस्येलाच संपतो, पाडवा आणि उगादी एकाच दिवशी, सौंदत्तीच्या यल्लम्माची पुनव पण तीच, त्यामुळं भांडण नाही. पण पाडवा २०२४ ला ९ एप्रिलला, २०२५ ला ३० मार्चला, २०२६ ला १९ मार्चला, असा सरकत बसतो आणि आजी भाताची धूळवाफ पेरणी (पावसाआधी कोरड्या मातीत करतात ती) काय पाडव्यावरनं ठरवत नव्हती. ती रोहिणी नक्षत्र कधी निघतं ते बघायची. माझ्या जगातला अडाणी कुळवाडी काय बघेल? कुणीतरी सांगा की.

प्रतिसाद:
तुमचे आकडे फार गुळगुळीत आहेत, दुखणं तिथं आहे. खरा चांद्रमास साधारण २९.५३ दिवसांचा, वर्ष ३६५.२४ चं, म्हणून १९ वर्षांत ७ अधिक महिने असा वाकडा हिशोब येतो. नियम मात्र सोपा: ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांतच होत नाही, म्हणजे सूर्य एका राशीतून दुसऱ्या राशीत जात नाही, तो अधिक. तुम्ही पण वर्षाला बारा संक्रांती ठेवा आणि वर्ष ४०० चं ४०३ करा, बाकी कशाला हात लावू नका. आता बघा, ३२ वर्षांत ४०३ चांद्रमास बसतात, म्हणजे १९ अधिक, आणि ते वेगवेगळ्या महिन्यांत पडतात.

आणि शेतकऱ्याचं तर आपोआप सुटतंय. ४०३ म्हणजे १३ गुणिले ३१, म्हणजे धाकटा चंद्र वर्षात बरोबर ३१ फेऱ्या मारतो, त्याची चौथी पुनव दरवर्षी त्याच हंगामात. आपली पावसाची नक्षत्रं पण तेरा-चौदा दिवसांचीच आणि सूर्यावरची, म्हणून तर मृग दरवर्षी ७-८ जूनलाच निघतो, तिथी कुठं का असेना. तेव्हा सणाला थोरला, पेरणीला धाकटा. कुळवाडी थोरल्याकडं बघणारच नाही.

दुसरा प्रतिसाद:
पण जत्रा ४१६ दिवसांनी म्हटल्यावर ३२ वर्षांत ३१ च होणार की. एक वर्ष जत्राच नाही! पाळणेवाल्यांनी आणि भडंगवाल्यांनी काय करायचं ओ त्या वर्षी?

धागाकर्ता:
ओ, हे ३१ फेऱ्यांचं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं, रात्री दोनला वहीत मांडून बघितलं, बसतंय की सगळं! बिनजत्रेचं वर्ष तर सोन्यासारखं सापडलं, नायिका त्याच वर्षी जन्माला घालतो, म्हणजे गावातल्या बायका आयुष्यभर तिला ऐकवायला मोकळ्या.

फक्त एक लफडं झालंय. वर्ष तीन दिवसांनी वाढल्यावर जुन्या तारखा सगळ्या सरकल्या, सातव्या प्रकरणात दोघं चांदण्यात नदी ओलांडून पळतात ती रात्र आता दोन्ही चंद्रांच्या अमावस्येच्या आसपास येतेय. प्रकरण बदलू की एक्सेलमध्ये पहिल्या वर्षाची पहिली पुनव मागं ढकलू? एक्सेल येणारं कुणी असेल तर फॉर्म्युला सांगा, मला बेरजेपलीकडं येत नाही.