मदत हवी आहे: गोष्टीतला जादूचा धातू गोष्टच खायला लागलाय

नमस्कार मंडळी,

गेली दोन वर्षं रात्री जेवणं आटपली की एक लांबलचक गोष्ट लिहितोय, काल्पनिक राज्य, डोंगर, राणी, नकाशे पण काढलेत (बायको म्हणते गोष्ट कमी आणि नकाशेच जास्त). त्यात चंद्रायस नावाचा धातू आहे, फक्त सातमाथा डोंगरात मिळतो. त्याचं पातं दगड, चिलखत काहीही कापतं, पण ज्याने घडवलं त्याच्या रक्ताच्या माणसाला टेकवलं तर नुसतं गार लागतं, कापत नाही. राणीला शेवटी सख्ख्या भावावर तलवार उचलायची आहे आणि ती तलवार घडवली कोणी यातच सगळी मेख आहे... जाऊ दे, फोडत नाही.

तर भाची सुट्टीला आलीये, वय ११. तीन प्रकरणं वाचून दाखवली. आंब्याची कोय चोखत चोखत म्हणते, "मामा, मग राजाने सगळ्या सैन्यालाच का नाही दिल्या तसल्या तलवारी?" म्हटलं अगं फार कमी मिळतो तो. "एवढा मोठा डोंगर आहे ना, खणायचा की." वर आणखी, "आणि काहीही कापतो तर त्याला ठोकतात कशाने?" मी पाणी प्यायच्या निमित्ताने उठलो.

राखण करणारा नाग, ऋषीचा शाप वगैरे सगळं घासून गुळगुळीत झालंय, ते नकोय. धातू दुर्मिळ का, याचं पटेल असं कारण सुचवा प्लीज.

प्रतिसाद १
भाचीलाच लिहायला द्या. :)

प्रतिसाद २
दगड कमी आहे असं म्हणूच नका, दगड भरपूर असू द्या, त्यातून धातू काढणं जमत नाही असं करा. जस्ताचंच बघा ना. जस्ताचा दगड कोळशाबरोबर भट्टीत घातला तर जस्त सुटं व्हायला हजारेक अंश तरी लागतात आणि जस्त उकळतं ९०७ ला! म्हणजे सुटं होताक्षणीच वाफ. उघड्या भट्टीत ती हवेला लागते आणि पांढरी पूड होऊन बसते, हाताला काही लागत नाही. पितळ लोक आधीपासून करत होते पण नुसतं जस्त हातात येणं महाकठीण. उदयपूरजवळ जावरला मात्र हे साधलं होतं, वांग्याच्या आकाराच्या मातीच्या मुशी, तोंड खाली करून भट्टीत लावायच्या, वाफ खाली उतरून गार भांड्यात थिजायची. त्या वापरलेल्या मुशी तिथे घरांच्या भिंतींत विटांसारख्या लावलेल्या आहेत. इंग्लंडात ब्रिस्टलला असल्या कृतीचं पेटंट घेतलं गेलं ते थेट १७३८ मध्ये.

अ‍ॅल्युमिनियमची तीच गत. १८८४ मध्ये वॉशिंग्टनच्या स्मारकाचं टोक अ‍ॅल्युमिनियमचं बसवलं, जेमतेम पावणेतीन किलो, तेव्हा त्याचा भाव चांदीच्या पंगतीतला होता. १८८६ मध्ये विजेने काढायची युक्ती सापडली आणि आज आपण त्यात पोळ्या गुंडाळतो. त्यामुळे तुमच्या राजाकडे डोंगर असू दे, युक्ती एकाच घराण्याकडे ठेवा.

प्रतिसाद ३
वरच्या प्रतिसादाला +१. धातूपेक्षा हात दुर्मिळ करा. आमच्या गावात पेरणीच्या आधी घिसाडी यायचे, पाल ठोकून राहायचे, नवरा सांडशीत लोखंड फिरवायचा आणि बाई घण घालायची. मी शाळा बुडवून बघत बसायचो. विळ्याला पाणी दिलं (म्हणजे लाल तापवून पाण्यात बुडवला) की तो धार घासून परत जरा शेकायचा आणि सावलीत धरून बघत राहायचा, त्यावर रंग चढत जातो, आधी गवतासारखा पिवळा, मग जांभळट, मग निळा. विळा पिवळ्यावर थांबवायचा, निळ्यावर गेला तर धार मऊ पडते. दोन-चार श्वासांचा खेळ सगळा. आणि पाणी द्यायच्या आधी तोच विळा कसाही वाकवा, ऐकतो! भाचीच्या दुसऱ्या प्रश्नाला हेच उत्तर, चंद्रायसचा गुण पाणी दिल्यावर येतो, त्याआधी खुशाल ठोका.

आणि तो रंग फक्त अमावस्येच्या मिट्ट अंधारातच दिसतो असं करा. महिन्याला एक तलवार. वर्षाला बारा, अधिक मास आला तर तेरा. द्या म्हणावं सैन्याला.

प्रतिसाद ४
जहांगीरच्या आठवणींत आहे, १६२१ मध्ये जालंधरजवळ आकाशातून लोखंड पडलं, १६० तोळे भरलं. नुसतं ठोकलं तर फुटायला लागलं म्हणून तीन भाग ते आणि एक भाग साधं लोखंड मिसळून दोन तलवारी, एक कट्यार आणि एक सुरी केली. भेसळीत रक्ताची ओळख किती टिकते, यावर एखादं प्रकरण होईल.

दुसरं म्हणजे नाव. खाणीत राबणारा माणूस चंद्रायस म्हणेल? जर्मनीतले खाणकामगार ज्या दगडातून धड काही निघायचं नाही आणि वर विषारी धूर यायचा त्याला भुताचं नाव देऊन शिव्या घालायचे, त्यातूनच कोबाल्ट हे नाव आलं.

धागाकर्ता
मंडळी, दंडवत! दरबारात चंद्रायस, खाणीत पळपुटं (कारण धूर होऊन पळतं). भाचीला वाचून दाखवलं, अमावस्या पटली तिला, पण लगेच, "मग अधिकातली तेरावी कोणाची?" हे माझ्या डोक्यातच नव्हतं! आता सहावं प्रकरण नव्याने लिहावं लागणार. जस्तवाले, एक राहिलं, मूस उलटी लावली तर आतला माल खाली सांडत नाही का?

प्रतिसाद २
गळ्यात काटकी खोचायचे. भट्टी तापेपर्यंत ती माल अडवून धरते, मग जळून जाते आणि वाफेला वाट मिळते.

धागाकर्ता
काटकी!! बसलोच लिहायला.