मदत हवी आहे: आत्याच्या सहस्रचंद्रदर्शनाला काय म्हणावं?

नमस्कार मंडळी. पुढच्या महिन्यात माझ्या आत्याचं सहस्रचंद्रदर्शन आहे. दोन पौर्णिमांमध्ये साधारण साडेएकोणतीस दिवस, म्हणजे हजार पौर्णिमा व्हायला जवळपास ८१ वर्षं. ८१ दिव्यांनी ओवाळायचं ठरलंय. "विधवेचं औक्षण कसं करायचं?" असं एका नातेवाइकांनी विचारलं. मी करणारच आहे, तो प्रश्न माझ्यासाठी संपला.

अडलंय ते शब्दांवर. आई गेल्यावर आम्हां भावंडांना आत्यानेच वाढवलं. परीक्षेला निघताना तळहातावर दही ठेवायची, ते चाटून होईपर्यंत दारातून हलू द्यायची नाही, मग डोक्यावर हात ठेवून "औक्षवंत हो" म्हणायची. तो हात अजून जाणवतो. आता ओवाळताना मी तिला काय म्हणू? वयाने लहान, आशीर्वाद तर देऊ शकत नाही. "शतायुषी हो" म्हटलं की तिचे डोळे भरतात, "नको गं, हातपाय चालतात तोवर पुरे" म्हणते. "जीवेत शरदः शतम्" छापील वाटतं. तिला आवडेल, पटेल असं दोन-चार ओळींचं काही सुचेल का? तुमच्या आजीच्या तोंडची जुनी ओवी असेल तरी चालेल, आत्या जात्यावर ओव्या म्हणायची.

आणि हो, कणकेचे दिवे आदल्या रात्री करून ठेवले तर चिरतात का? कणीक किती घट्ट भिजवायची, तेही सांगा.