लोलकातून काळ फुटला तर? काल्पनिक प्रकाशविभाजनाचे नियम बसवायचे आहेत

शाईची_बाटली:
विज्ञानकथेसाठी मदत हवी आहे. एका विशिष्ट स्फटिकाच्या लोलकातून प्रकाश गेला की प्रत्येक रंग वेगळ्या वेळेचं दृश्य दाखवतो. जांभळ्यात आत्ताचं, तांबड्यात 24 तासांपूर्वीचं, मधल्या रंगांत मधल्या वेळा. दुसरा लोलक उलटा ठेवला की रंग पुन्हा एकत्र येऊन सलग चित्र दिसतं. चमत्कार एवढाच, बाकी सगळं खऱ्या भौतिकशास्त्राप्रमाणे. तर भर दुपारी त्यातून अंगण कसं दिसेल? कथेवर लघुपटही करायचा आहे. साध्या कॅमेऱ्यावर हे जमेल का?

वर्णपट:
आधी पट्टी आखून घ्या. दृश्य प्रकाशाची तरंगलांबी 400 (जांभळा) ते 700 (तांबडा) नॅनोमीटर धरली तर 300 नॅनोमीटरमध्ये 24 तास बसवायचे, म्हणजे 1 नॅनोमीटरला 4.8 मिनिटं.

दुपारी 12 वाजता पाहिलं, सूर्य सहाला उगवतो-मावळतो असं धरलं, तर 6 ते 18 तासांपूर्वी रात्र होती. ती येते 475 ते 625 नॅनोमीटरवर. हिरवा, पिवळा आणि बराचसा नारिंगी काळाच. उरतो आज सकाळचा जांभळा-निळा आणि काल दुपारचा तांबडा. अंगण मॅजेंटा (जांभळट गुलाबी) दिसेल. मध्यरात्री बरोबर उलट: मधला पट्टा दिवसाचा, त्यामुळे अंधारात अंगण पिवळट हिरवं उजळलेलं. तिथे लख्ख पांढरी दुपार दाखवलीत तर तुमचाच नियम मोडला.

कथेला उपयोगी आणखी एक गोष्ट. कमी दाबाचा सोडियम दिवा जवळजवळ फक्त 589 नॅनोमीटरचा प्रकाश देतो. तुमच्या पट्टीवर 589 म्हणजे 15 तास 7 मिनिटं. रात्री 10 वाजता त्या दिव्याखालून गेलेला माणूस दुसऱ्या दिवशी दुपारी 1:07 लाच दिसेल, आधीही नाही, नंतरही नाही. एकत्र केलेल्या चित्रात मात्र दिवसाच्या उजेडापुढे तो हरवेल. दुसरा लोलक काढून पिवळा पट्टा वेगळा पाहावा लागेल.

उलट सूर्यप्रकाशात 589.0 आणि 589.6 ला काळ्या रेषा असतात. म्हणून मध्यरात्री पाहताना सकाळी 8:53 आणि 8:50 हे दोन क्षण अंधुक असतील. पाहण्याची वेळ सरकली की तेही सरकतील.

मंदकिरण:
वरचं गणित बरोबर आहे, पण क्रम तपासा. साध्या काचेत निळा मागे पडतो, तांबडा नाही. नेहमीच्या बीके7 काचेत 486 चा निळा 656 च्या तांबड्यापेक्षा दर मीटरला सुमारे 75 ते 80 पिकोसेकंद (सेकंदाचा एक लाख कोटीवा भाग) उशिरा पोचतो. एका सेकंदाच्या फरकाला सव्वा कोटी किलोमीटरहून लांब काच लागेल.

तांबडा मागे हवा असेल तर स्फटिक प्लाझ्मासारखा (विद्युतभारित कणांच्या वायूसारखा) वागतो असं म्हणा. तिथे लांब तरंग उशिरा येतात, आणि हे आकाशात रोज घडतं. खेकडा तेजोमेघातल्या पल्सारचा (ठरावीक अंतराने रेडिओ स्पंद पाठवणाऱ्या ताऱ्याचा) एकच स्पंद 1400 मेगाहर्ट्झच्या तुलनेत 400 मेगाहर्ट्झवर सुमारे 1.35 सेकंद उशिरा पोचतो. तो पल्सार साधारण 33 मिलिसेकंदांनी स्पंदतो, म्हणजे दोन्ही पट्टे एकाच वेळी ऐकले तर एक दुसऱ्याच्या 40 स्पंद मागे असतो. तुमच्या कल्पनेचा सख्खा भाऊच हा.

फक्त हा विलंब तरंगलांबीच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो, त्यामुळे पट्टी सरळ राहत नाही. 550 चा हिरवा 12 ऐवजी सुमारे 10.4 तास मागे जाईल. सरळ पट्टी ठेवायची की ही, ते एकदाच ठरवा.

जांभळ्याच्या पलीकडे भविष्य दाखवायचा मोह टाळा. विलंब म्हणजे निघालेला प्रकाश अडकून राहणं. न निघालेला प्रकाश अडकणार कुठून?

तिपाई:
कॅमेऱ्याचं सांगतो. तंत्र जुनं आहे. रशियात प्रोकुदिन-गोर्स्की 1910 च्या सुमारास निळ्या, हिरव्या, तांबड्या गाळण्यांतून एकामागून एक फोटो घेत आणि ते एकत्र करून रंगीत चित्र बनवत. त्यात वाहतं पाणी आणि हललेली माणसं रंगीत कडांची दिसतात.

कॅमेरा तिपाईवर घट्ट बसवून 24 तास हलवू नका. फोकस, छिद्र, शटर, आयएसओ, व्हाइट बॅलन्स सगळं मॅन्युअल. काल दुपारी 12, मध्यरात्री 12 आणि आज दुपारी 12 ला रॉ (कॅमेऱ्याने प्रक्रिया न केलेले) फोटो घ्या. गिंप या फोटो संपादनाच्या सॉफ्टवेअरमध्ये तिन्हींचे तांबडा, हिरवा, निळा हे चॅनेल सुटे करा (डीकंपोज) आणि पुन्हा जोडताना (कंपोज) कालचा तांबडा, रात्रीचा हिरवा, आजचा निळा घ्या. मॅजेंटा आपोआप येतो. रात्रीच्या फोटोचं एक्सपोजर वाढवलंत की सगळं बिघडलं, तो काळाच राहू द्या. एका दुपारी ढग आले तर संपूर्ण चित्र एका रंगाकडे झुकतं, तेव्हा तो दिवस सोडून द्या. पानांच्या कडा निळ्या-तांबड्या होतील, त्या हव्याच आहेत.

खरी फसगत माणसांत होते. उजळ भिंतीपुढे गडद कपड्यातला कालचा माणूस तांबडा नाही, निळा दिसतो, कारण त्याने तिथला तांबडा अडवलेला असतो. आजचा माणूस तांबडा दिसतो.

शाईची_बाटली:
@तिपाई, मग प्रेक्षकाला कालचा कोण ते कसं कळणार? कथेत तांबडं म्हणजे काल असं आधीच सांगून झालंय.

तिपाई:
पार्श्वभूमी उलटवा. गडद भिंत, पांढरे कपडे. मग कालचा माणूस तांबडा आणि आजचा निळा येईल. भिंत नुसती सावलीत असून भागत नाही, मुळात काळपट हवी. आणि दोघे एकाच जागी उभे राहिले तर तो भाग मॅजेंटा होईल, म्हणून दोन्ही दिवसांच्या जागा जमिनीवर खडूने आखून ठेवा.